आई-वडिलांचा चरितार्थ : अपत्यांचे कायदेशीर दायित्व

वार्धक्यातील उत्पन्नाचा प्रश्न भारतात मुख्यत्वे कुटुंबाच्या पातळीवरच सोडविला जातो. २०११ च्या जनगणनेनुसार देशात साठ वर्षे व त्यावरील व्यक्तींची संख्या सुमारे १०.३८ कोटी होती. छत्तीसगडमध्ये ती २० लाखांच्या घरात होती. यांपैकी बहुसंख्यांचे आयुष्य शेती, मजुरी व किरकोळ व्यापारात गेले असल्याने निवृत्तिवेतन त्यांच्या वाट्याला आलेले नाही. राज्यघटनेचा अनुच्छेद ४१ वार्धक्यातील साहाय्याचा उल्लेख करतो, परंतु राज्याच्या आर्थिक क्षमतेच्या मर्यादेत. उरलेला भार कायद्याने अपत्यांवर सोपविला आहे.

ही तरतूद नवी नाही. हिंदू दत्तक व निर्वाह अधिनियम, १९५६ च्या कलम २० मध्ये ती होतीच. फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ च्या कलम १२५ ने ती सर्व धर्मीयांना लागू केली. १ जुलै २०२४ पासून त्याची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ ने घेतली आहे. विवाहित मुलगीही पित्याच्या निर्वाहास बांधील आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये महाराष्ट्रातून आलेल्या प्रकरणात दिला.

तरीही न्यायालयाची पायरी वृद्धांना परवडत नव्हती. त्यासाठी आई-वडील व ज्येष्ठ नागरिक यांचा चरितार्थ व कल्याण अधिनियम, २००७ करण्यात आला. समजा, रायपूरच्या पुरानी बस्तीत राहणाऱ्या एका विधवा मातेचा मुलगा नागपूरला व मुलगी भिलाईला आहे. तिला नागपूरला जाण्याचे कारण नाही. स्वतःच्या निवासाच्या जिल्ह्यात ती दोघांविरुद्ध अर्ज करू शकते. अर्ज दुसऱ्या व्यक्तीमार्फत वा संस्थेमार्फतही करता येतो. न्यायाधिकरणाचा प्रमुख उपविभागीय अधिकारी दर्जाचा असतो (छत्तीसगडच्या प्रशासकीय भाषेत ‘अनुविभागीय अधिकारी’). प्रकरण प्रथम समेटासाठी पाठविता येते. नोटीस बजावल्यापासून ९० दिवसांत निर्णय अपेक्षित असून अपवादात्मक स्थितीत ३० दिवस वाढवून मिळतात. दरम्यान अंतरिम भत्ता देता येतो. अपील जिल्हा दंडाधिकाऱ्याच्या अध्यक्षतेखालील अपील न्यायाधिकरणाकडे होते. रक्कम थकविल्यास एक महिन्यापर्यंत कारावास होऊ शकतो. परीक्षार्थींनी एक बारकावा ध्यानात ठेवावा : ‘ज्येष्ठ नागरिक’ होण्यास साठ वर्षांची अट आहे, ‘पालक’ म्हणून अर्ज करण्यास नाही. सज्ञान नातवंडेही ‘अपत्य’ या व्याख्येत येतात.

आर्थिक दृष्टीने या कायद्यातील सर्वांत दुबळी बाजू म्हणजे कलम ९ मधील दरमहा १०,००० रुपयांची कमाल मर्यादा. ती महागाई निर्देशांकाशी जोडलेली नाही. २००७ नंतर ग्राहकोपयोगी वस्तूंच्या किमती सुमारे तिपटीने वाढल्या. म्हणजे या रकमेची खरेदीशक्ती एक-तृतीयांशापर्यंत घसरली. विसंगती अशी की, कलम १२५ मधील ५०० रुपयांची मर्यादा संसदेने २००१ मध्येच काढून टाकली होती आणि सहा वर्षांनी नव्या कायद्यात पुन्हा मर्यादा घातली. पालकाला दोन्हींपैकी एकच मार्ग निवडता येतो. सधन अपत्य असेल तर जलद मार्गाला कमी रकमेची किंमत मोजावी लागते, आणि हे अर्जदाराला बहुधा कोणी सांगत नाही. ही मर्यादा हटविण्यासाठी डिसेंबर २०१९ मध्ये लोकसभेत विधेयक मांडले गेले. त्यात जावई व सून यांचाही समावेश प्रस्तावित होता. २०२४ मध्ये सतरावी लोकसभा विसर्जित होताच ते व्यपगत झाले.

संपत्तीचा प्रश्न वेगळा आहे. वृद्धाजवळ बहुधा घर हीच बचत असते आणि भावी सेवेच्या भरवशावर ती हयातीतच मुलांच्या नावे केली जाते. हा एक अलिखित करार होय. घर हातचे गेले की वृद्धाची सौदाशक्ती संपते. कलम २३ नुसार, मूलभूत गरजा भागविण्याच्या अटीवर दिलेली मालमत्ता ती अट मोडल्यास परत मिळू शकते. अट दस्तात लिहिलेली असावीच का, यावर वाद झाला. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अट असणे आवश्यक मानले. २ जानेवारी २०२५ रोजी मध्य प्रदेशातील एका मातेच्या प्रकरणात मात्र दानपत्रासोबतचे वचनपत्र ग्राह्य धरून त्याच न्यायालयाने उदार अर्थ लावला व ताबा परत देण्याचे आदेश दिले. दस्त करतानाच अट स्पष्ट लिहून घेणे, हाच यातील व्यवहार्य मार्ग दिसतो.

आदेश मिळाला तरी वसुलीसाठी अपत्याजवळ उत्पन्न हवे. रायपूरलगतच्या उरला व सिलतरा या औद्योगिक क्षेत्रांत कंत्राटदाराकडे रोजंदारीवर काम करणाऱ्या मुलाची वेतनपावतीच नसेल, तर रक्कम ठरविणार कशाच्या आधारे? अशा घरांत कायद्यापेक्षा निवृत्तिवेतन योजनाच उपयोगी. परंतु इंदिरा गांधी राष्ट्रीय वृद्धापकाळ निवृत्तिवेतन योजनेत केंद्राचा वाटा ६० ते ७९ वयोगटासाठी दरमहा २०० रुपये व त्यापुढे ५०० रुपये इतकाच आहे, आणि तोही दारिद्र्यरेषेखालील व्यक्तींपुरता. राज्ये त्यात स्वतःची भर घालतात. कलम १९ अन्वये प्रत्येक जिल्ह्यात किमान १५० निराधारांसाठी वृद्धाश्रमाची तरतूद आहे. तेथे राज्य शासनाने वृद्धाश्रम ‘स्थापन करू शकेल’ असा शब्दप्रयोग आहे, ‘करील’ असा नाही.