स्ट्रॉबेरीचे फळ मोठे कसे मिळवावे?

सातारा जिल्ह्यातील महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीस २०१० साली भौगोलिक मानांकन लाभले. तेथील यश पाहून कोल्हापूरकडील शेतकऱ्यांसही या पिकाची ओढ वाटणे स्वाभाविक आहे. परंतु रोपे महाग असतात व लहान फळास भाव येत नाही. फळ दिसू लागल्यावर खताची मात्रा वाढवून ते मोठे होत नाही; त्याचा आकार बहुतांशी फुलातच ठरतो, हे प्रथम ध्यानी घ्यावे.

वाण : कॅमारोसा, स्वीट चार्ली, विंटर डॉन हे वाण दिवस लहान झाल्यावर कळी धरतात. सेल्व्हासारख्या सदाफळी वाणांस दिवसमानाचे बंधन नसते. तथापि ‘सदाफळी’ या नावाने फसू नये. उष्णतामान ३० अंश सेल्सिअसच्या वर गेल्यास त्यांचीही फुले कमी होतात व फळे बारीक राहतात. म्हणून पन्हाळ्यासारख्या उंच, थंड भागात प्रथम एक-दोन गुंठ्यांवरच लागवड करून पाहावी.

लागवड : पंचगंगाकाठची भारी काळी जमीन उसास मानवते, स्ट्रॉबेरीच्या उथळ मुळांस ती मानवत नाही. निचऱ्याच्या जमिनीत गादीवाफे करून, पाऊस ओसरताच सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये सुमारे ३० सेंटिमीटर अंतरावर निरोगी रोपे लावावीत. मधला कोंब मातीत गाडला जाऊ देऊ नये, तो कुजतो. आच्छादन घालावे व ठिबकने थोडे थोडे पाणी नियमित द्यावे.

खुडणी : सदाफळी रोपांची पहिली फुले सुमारे सहा आठवडे खुडावीत. जमिनीवर धावणारे फुटवेही वेळोवेळी काढावेत. असे केल्याने रोपाची शक्ती मुळे व पाने यांत साठते आणि पुढील फळे भरदार येतात. नत्र अधिक दिल्यास पाला माजतो व फळ मऊ पडते.

परागीभवन : घोसातील पहिल्या फुलाचे फळ सर्वांत मोठे असते. फळावरील प्रत्येक बारीक बी फलित झाले, तरच त्याभोवतीचा गर फुगतो. न झाल्यास तेथे फळ वाकडे होते. हे काम मुख्यतः मधमाश्या करतात. यास्तव फुलोऱ्यात, विशेषतः सकाळी, कीटकनाशक फवारू नये.

गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी शेजारच्या दोन वाफ्यांपैकी एकातच फुले खुडून, दोन्हींकडील फळे हंगामभर तोलून दाखवावीत. त्या वजनावरूनच शेतकऱ्यांनी पुढील वर्षीच्या लागवडीचा निर्णय घ्यावा.