सेप्सिस: एक मिनिट श्वास मोजा

आपल्याकडे जखम चिघळून पू झाला की ‘सेप्टिक झालं’ असं म्हणतात. सेप्सिस हा शब्द त्याच कुळातला असला, तरी आजार वेगळा. २०१६ साली ठरलेली व्याख्या थोडक्यात अशी: संसर्गाला शरीर जो प्रतिसाद देतं तोच बिघडतो आणि स्वतःच्याच अवयवांना इजा करू लागतो, इतकी की जिवाला धोका होतो. रक्तवाहिन्या सैलावतात, त्यांच्यातून पाणी झिरपू लागतं, रक्तदाब घसरतो, पेशींना प्राणवायू पुरत नाही. सुरुवात मात्र न्यूमोनिया, लघवीचा संसर्ग किंवा पायाची छोटी जखम अशी अगदी साधी असू शकते.

मी इंग्लंडमध्ये वॉर्डवर नर्स आहे. ‘सेप्सिसची टेस्ट कुठली?’ असं ओळखीचे लोक विचारतात. अशी एकच टेस्ट नाही. खाटेशी घेतलेल्या नोंदी एकत्र वाचाव्या लागतात. त्यासाठी इथे ‘न्यूज’ नावाचा तक्ता वापरतात. रॉयल कॉलेज ऑफ फिजिशियन्सने तो २०१२ मध्ये आणला आणि २०१७ मध्ये सुधारला. श्वास, ऑक्सिजनची पातळी, वरचा रक्तदाब, नाडी, शुद्ध आणि ताप यांना प्रत्येकी ० ते ३ गुण. ऑक्सिजन लावलेला असेल तर आणखी २. (लहान मुलं आणि गरोदर बायकांसाठी हा तक्ता नाही.)

समजा, लघवीच्या संसर्गाने दाखल झालेल्या एक आजी आहेत. ताप ३७.८, म्हणजे शून्य गुण. नाडी १०४, एक गुण. वरचा रक्तदाब १०८, एक. ऑक्सिजन ९५ टक्के, एक. श्वास मिनिटाला २४, दोन. बेरीज ५. यातला एकही आकडा सुटा पाहिला तर कोणी घाबरणार नाही. पण ५ झाले की डॉक्टरांना तातडीने बोलवायचं असतं, आणि ७ झाले की ती आणीबाणी.

आता श्वास न मोजता अंदाजाने १८ लिहिले असते तर? बेरीज ३. आजींना पुढच्या नोंदीपर्यंत कोणी हलवलं नसतं.

हे मी मुद्दाम सांगते आहे, कारण सगळ्यांत जास्त टाळली जाणारी नोंद हीच. नाडी, दाब, ऑक्सिजन यंत्र सांगतं. साध्या वॉर्डात श्वास मात्र छातीकडे पूर्ण एक मिनिट बघूनच मोजावे लागतात. गर्दीच्या पाळीत ते मिनिट चोरलं जातं, आणि तक्त्यावर ओळीने १६, १८, १६ असे सोयीचे आकडे दिसतात. खरं तर शरीर इथेच आधी बोलतं. प्राणवायू कमी पडला की पेशी लॅक्टिक आम्ल तयार करतात, रक्त आम्लधर्मी होऊ लागतं, आणि शरीर जोरजोरात श्वास घेऊन कार्बन डायऑक्साइड बाहेर टाकत तो तोल सांभाळायला बघतं. रक्तदाब बऱ्याचदा यानंतर पडतो. ‘श्वास मोजते आहे’ असं पेशंटला सांगू नये. सांगितलं की श्वास बदलतो. मी नाडीवर बोटं ठेवून छातीकडे बघते.

तापाचीही एक गंमत आहे. ३९.१ च्या वर गेलेल्या तापाला या तक्त्यात २ गुण, पण ३५ किंवा त्याहून कमी तापमानाला ३! म्हाताऱ्या माणसांना सेप्सिसमध्ये ताप येतोच असं नाही, अंग उलट गार पडू शकतं. शिवाय पॅरासिटामॉल घेतलेली असते. ‘ताप नाही ना, मग काही नाही’ हा हिशोब इथे चालत नाही.

आता आपल्या लोकांना खास लागू पडणाऱ्या दोन गोष्टी.

पहिली त्वचेची. पुस्तकांत लिहिलेलं ‘फिकट, निळसर, ठिपकेदार’ हे वर्णन गोऱ्या कातडीवरचं. सावळ्या अंगावर ते सहज दिसत नाही. ओठ, हिरड्या, खालच्या पापणीची आतली बाजू, तळहात आणि तळपाय बघावे लागतात. बोटाला लावायचा ऑक्सिमीटरही काळ्यासावळ्या त्वचेवर कधीकधी खऱ्यापेक्षा जास्त आकडा दाखवतो.

दुसरी गोष्ट भाषेची. नव्याने आलेला गोंधळ, भ्रम याला एकदम ३ गुण. वरच्या आजी त्यात सापडल्या तर बेरीज थेट ८. पण त्या मराठीत बोलत असतील आणि नर्सला मराठी येत नसेल, तर त्या भलतंच बोलताहेत हे नर्सला कळणार कसं? ते तुम्हालाच कळणार. ‘आई नेहमीसारखी नाही, सकाळपर्यंत अशी नव्हती’ हे नर्सला स्पष्ट सांगा. भिडेपोटी गप्प बसू नका.

त्यानंतरची कामं वेगाने होतात. रक्ताचं कल्चर अँटिबायोटिकच्या आधी घ्यायचं, नाहीतर जंतू सापडणं अवघड. लॅक्टेट बघायचं, २ च्या वर गेलं तर काळजी. इथल्या मार्गदर्शनानुसार सेप्सिसचा संशय असून ७ किंवा अधिक गुण असतील तर अँटिबायोटिक एका तासात. सलाईन द्यायचं, पण प्रत्येक बाटलीनंतर परत तपासून, नाहीतर फुप्फुसात पाणी होतं. आणि लघवी मोजायची: ६० किलोच्या माणसाला तासाला निदान ३० मिली. लघवीची पिशवी रिकामी दिसली तर तेही सांगा.

सांगूनही कोणी ऐकलं नाही तर? २०२१ मध्ये मार्था मिल्स ही १३ वर्षांची मुलगी इथे सेप्सिसने गेली. सायकलवरून पडून तिच्या स्वादुपिंडाला इजा झाली होती. तिच्या आईवडिलांनी काळजी बोलून दाखवली होती. वेळेत अतिदक्षता विभागात हलवलं असतं तर ती बहुधा वाचली असती, असं चौकशीत निष्पन्न झालं. त्यातून आलेला ‘मार्थाज रूल’ २०२४ पासून इंग्लंडमधल्या रुग्णालयांत लागू होतो आहे: नातेवाईक दुसऱ्या, अतिदक्षतेच्या टीमला थेट बोलावू शकतात. वॉर्डात त्याचा फोन नंबर लावलेला असतो, शोधून ठेवा.

आणि आईवडील तिकडे पुण्याला किंवा साताऱ्याला असतील आणि ‘जरा कणकण आहे’ म्हणत असतील, तर व्हिडिओ कॉलवर कॅमेरा छातीकडे धरायला सांगा. गप्पा थांबवून घड्याळ लावा आणि मिनिटभर मोजा. १२ ते २० ठीक. २५ किंवा अधिक असतील, किंवा बोलणं असंबद्ध वाटलं, तर शेजाऱ्यांना उठवा आणि १०८ ला फोन लावायला सांगा.