छतावरील मूक पहारेकरी : स्प्रिंकलरचे कार्य व निगा

दर्शनाच्या रांगेत, प्रसादालयात अथवा भक्तनिवासाच्या खोलीत सहज मान वर केली असता छताला ठरावीक अंतरावर बसविलेली लहान पितळी तोंडे दृष्टीस पडतात. त्यांच्या मध्यभागी लाल द्रवाने भरलेली काचेची एक नाजूक कुपी असते. हेच आग विझविणारे स्प्रिंकलर होय. पनवेलनजीक करंजाडे येथील सिडकोच्या वसाहतीत बहुमजली इमारती उभ्या राहिल्या आहेत. अशा इमारतींची वाहनतळे, रुग्णालये व मोठी सभागृहे यांमध्ये हे साधन नेहमी आढळते. तथापि ते कसे चालते, याची माहिती फारच थोड्यांना असते. भाविक व देणगीदार यांच्या माहितीसाठी ती येथे दिली आहे.

रचना व कार्य

स्प्रिंकलरच्या मागील नळीत पाणी सदैव दाबाखाली भरलेले असते. नळीचे तोंड एका लहान झाकणाने बंद असून ते झाकण काचेच्या कुपीने रोखून धरलेले असते. आग लागली की तप्त हवा वर चढून छताखाली पसरते. कुपीतील द्रव तापून प्रसरण पावतो आणि ठरावीक तापमानास काच फुटते. आधार नाहीसा होताच झाकण निखळते व पाण्याची धार खालच्या दातेरी चकतीवर आपटून छत्रीसारखी पसरते. यास वीज लागत नाही की कोणी बटण दाबावे लागत नाही. नेहमीच्या वापरातील एका स्प्रिंकलरमधून एक बार दाबास मिनिटाला सुमारे ८० लिटर पाणी पडते.

कुपीचा रंग तिचे तापमान सांगतो. नारिंगी ५७, लाल ६८, पिवळा ७९, हिरवा ९३, निळा १४१ व जांभळा १८२ अंश सेल्सिअस. त्या जागी एरवी जितकी उष्णता असते, त्याहून सुमारे ३० अंश अधिक तापमानाची कुपी निवडण्याचा प्रघात आहे. म्हणून सभामंडपात लाल कुपी पुरेशी होते. अन्नछत्राच्या भटारखान्यात मात्र चुलींच्या उष्णतेमुळे हिरवी वा निळी लागते.

ही कल्पना जुनी आहे. अमेरिकेतील हेन्री पार्मली यांनी १८७४ साली आपल्या पियानोच्या कारखान्याच्या रक्षणार्थ स्वयंचलित स्प्रिंकलरचे एकस्व घेतले. पुढे फ्रेडरिक ग्रिनेल यांनी त्यात सुधारणा केल्या व १८९० साली काचेच्या चकतीचा स्प्रिंकलर सिद्ध केला.

दोन गैरसमज

पहिला गैरसमज असा की, एक स्प्रिंकलर सुरू झाला की सर्वच सुरू होतात व सारे मंदिर भिजते. वस्तुतः प्रत्येक कुपी स्वतंत्र असते. ज्या ठिकाणी उष्णता पोहोचते, तेथीलच कुपी फुटते. दुसरा गैरसमज धुराविषयी आहे. धूप, उदबत्ती वा कापुराच्या धुराने काच फुटत नाही. तिला उष्णताच लागते. मात्र कुपीच्या थेट खाली, कमी उंचीच्या छताखाली होमकुंड पेटविणे अनुचित होय.

निगा कशी राखावी

स्प्रिंकलर हे वर्षानुवर्षे स्वस्थ राहून एका क्षणी उपयोगी पडणारे साधन आहे. त्यामुळे त्यात दोष निर्माण झाला तरी तो बाहेरून जाणवत नाही. सर्वाधिक हानी बहुधा सद्हेतूनेच होते. उत्सवापूर्वी छताला रंग देताना स्प्रिंकलरवरही ब्रश फिरतो. रंगाच्या थराने कुपीला उष्णता उशिरा पोहोचते आणि झाकण चिकटून बसते. असा स्प्रिंकलर खरवडून साफ करू नये. तो बदलावाच लागतो. रंगकाम चालू असता त्यावर घातलेली पिशवी काम संपताच काढावी.

कुपीतील द्रव गळून ती रिकामी दिसल्यास तो स्प्रिंकलर निकामी समजावा, कारण उष्णतेने तो फुटणार नाही. कोकणातील दमट व खाऱ्या हवेत गंज चढतो. त्यामुळे पावसाळ्यानंतरची पाहणी विशेष महत्त्वाची. धूळ मऊ कोरड्या ब्रशने अलगद झटकावी. काडी पेटवून स्प्रिंकलरची परीक्षा कदापि घेऊ नये. परीक्षेसाठी नळीच्या शेवटी स्वतंत्र झडप असते. ती उघडली असता पाण्याचा प्रवाह व धोक्याची घंटा तपासता येते. मुख्य झडप सदैव उघडी आहे, टाकी भरलेली आहे व पंप चालू स्थितीत आहे, हे नित्य पाहावे. राखीव स्प्रिंकलर व ते बसविण्याचा पाना पेटीत ठेवावा. एकदा काढलेला स्प्रिंकलर पुन्हा बसवू नये.

महाराष्ट्र आग प्रतिबंधक व जीवसंरक्षक उपाययोजना अधिनियम, २००६ अन्वये ही यंत्रणा सुस्थितीत ठेवण्याचे दायित्व इमारतीचा मालक वा भोगवटादार यांच्यावर आहे. परवानाधारक अभिकरणाचे तपासणी प्रमाणपत्र दरवर्षी जानेवारी व जुलै महिन्यांत सादर करण्याची तरतूदही त्यात आहे.

भाविकांनी घ्यावयाची काळजी

• स्प्रिंकलरला तोरण, फुलांची माळ, विद्युत दिव्यांची माळ वा ओले कपडे अडकवू नयेत.
• सामान, मखर वा पडदा स्प्रिंकलरच्या खाली किमान अर्धा मीटर अंतर सोडूनच ठेवावा.
• पाणी पडू लागल्यास धावपळ न करता जवळच्या मार्गाने बाहेर पडावे व १०१ या क्रमांकावर अग्निशमन दलास कळवावे.

शेवटची सूचना सर्वांत महत्त्वाची आहे. २५ जानेवारी २००५ रोजी सातारा जिल्ह्यातील मांढरदेव येथे काळूबाईच्या यात्रेत चेंगराचेंगरी झाली, दुकानांना आग लागली आणि २९० हून अधिक भाविक प्राणास मुकले. उघड्या डोंगरावर स्प्रिंकलर असण्याचा प्रश्नच नव्हता. परंतु गर्दी आणि आग एकत्र आल्यास माणसास बाहेर पडण्यासाठी किती थोडा अवधी मिळतो, हे त्या दिवशी महाराष्ट्राने पाहिले. छताखालील आग लहान असतानाच दाबून ठेवून तोच अवधी वाढविणे, हे स्प्रिंकलरचे खरे कार्य आहे.

कळस, झुंबर व संगमरवरी फरशी यांसाठी दान देणारे पुष्कळ असतात. टाकी, पंप व नळ्यांच्या देखभालीवर कोणाचे नाव कोरले जात नाही. तरीही देवाच्या दारी आलेला प्रत्येक जण सुखरूप घरी परतावा, यासाठी दिलेले द्रव्य हेही अन्नदानाइतकेच पुण्यप्रद होय.