आईसाठी उतरवलेली जर्सी

(पाठाविषयी : मोठा खेळाडू आपला खेळ सहसा वय झाल्यावर किंवा दुखापत झाल्यावर सोडतो. पण अर्जेंटिना देशाच्या एका फुटबॉलपटूने वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी, आईच्या तब्येतीसाठी देशाचा संघ सोडला. त्याची हकीकत या पाठात सांगितली आहे.)

मुलांनो आणि मुलींनो, फुटबॉल तुम्हां सर्वांना ठाऊक आहे. मधली सुट्टी झाली आणि चेंडू मिळाला नाही, तर प्लास्टिकच्या रिकाम्या बाटलीलाही लाथा मारत तुम्ही पटांगणभर धावता. आज मी तुम्हांला एका थोर फुटबॉलपटूविषयी सांगणार आहे. पण त्याआधी आपल्याच पुण्यातली एक लहानशी गोष्ट ऐका.

मी लष्कर भागातल्या एका शाळेत शिकवत होतो. त्या वर्षी आमचा फुटबॉल संघ आंतरशालेय स्पर्धेच्या उपांत्य सामन्यापर्यंत पोहोचला होता. आमचा गोलरक्षक नववीतला मुलगा होता. सामन्याच्या आदल्या दिवशी तो माझ्याकडे आला आणि खाली मान घालून म्हणाला, "सर, उद्या मी खेळणार नाही. अम्मीचं ऑपरेशन आहे. अब्बा सौदीला असतात. घरात मीच मोठा आहे."

मी म्हणालो, "तू दवाखान्यात जा. इथलं आम्ही बघतो."

दुसऱ्या दिवशी आम्ही दोन गोलांनी हरलो. तिसऱ्या दिवशी मी मराठीच्या तासाला वर्गात गेलो, तेव्हा फळ्यावर कोणीतरी मोठ्या अक्षरांत लिहिले होते, 'पळपुटा'. तो मुलगा शेवटच्या बाकावर बसला होता. त्याच्या तोंडातून शब्द फुटत नव्हता. मी फळा पुसला. पुस्तक मिटले आणि वर्गाला हुआन रोमान रिकेल्मे या खेळाडूची हकीकत सांगितली. तीच आज तुम्हांला सांगतो.

रिकेल्मेचा जन्म २४ जून १९७८ रोजी अर्जेंटिनात झाला. ब्युनोस आयर्स या राजधानीच्या शहराबाहेर एका गरीब वस्तीत तो वाढला. घर माणसांनी भरलेले होते. भावंडांमध्ये तो थोरला होता. थोरल्या मुलावर किती जबाबदारी असते, हे तुमच्यापैकी अनेकांना वेगळे सांगायला नको.

१९९६ साली, वयाच्या अठराव्या वर्षी तो बोका ज्युनियर्स या प्रसिद्ध क्लबकडून खेळू लागला. तो फार वेगाने धावणारा खेळाडू नव्हता. पण चेंडू त्याच्या पायाशी आला, की तो सहजासहजी कोणाला काढून घेता येत नसे. मान वर करून तो शांतपणे मैदान पाहत असे आणि जिथे आपला सोबती पोहोचणार आहे, नेमका तिथे चेंडू पाठवत असे. २००० साली टोकियो येथे बोका ज्युनियर्सने रेआल माद्रिद या बलाढ्य स्पॅनिश क्लबला २–१ असे हरवले. दोन्ही गोल पालेर्मो या खेळाडूने केले. त्यातला दुसरा गोल झाला, तो रिकेल्मेने लांबून दिलेल्या अचूक पासवर.

नाव झाले, पैसा आला. पण पैशाबरोबर संकटही आले. २००२ साली गुंडांनी त्याच्या धाकट्या भावाला पळवून नेले. खंडणी दिल्यावर त्याची सुटका झाली. त्याच वर्षी रिकेल्मे स्पेनमधील बार्सिलोना क्लबमध्ये गेला. पुढच्या वर्षी तो व्हियारेआल नावाच्या लहान गावाच्या क्लबकडून खेळू लागला. त्या लहान क्लबने २००६ साली युरोपातील सर्वांत मोठ्या क्लब-स्पर्धेच्या उपांत्य फेरीपर्यंत मजल मारली. तिथे इंग्लंडच्या आर्सेनल क्लबविरुद्ध अगदी शेवटच्या मिनिटांत व्हियारेआलला पेनल्टी मिळाली. ती रिकेल्मेने मारली आणि आर्सेनलचा जर्मन गोलरक्षक लेहमान याने अडवली. व्हियारेआल स्पर्धेबाहेर गेले.

त्यानंतर दोनच महिन्यांनी जर्मनीत विश्वचषक स्पर्धा होती. अर्जेंटिनाचा खेळ रिकेल्मेभोवती फिरत होता. सर्बिया आणि माँटेनेग्रोच्या संघाला त्यांनी ६–० असे हरवले. ३० जून २००६ रोजी बर्लिनमध्ये यजमान जर्मनीशी गाठ पडली. रिकेल्मेने मारलेल्या कॉर्नरवर आयालाने डोक्याने गोल केला. अर्जेंटिना १–० ने पुढे होता. बहात्तराव्या मिनिटाला प्रशिक्षकांनी रिकेल्मेला बाहेर बोलावले आणि त्याच्या जागी कांबियासो हा बदली खेळाडू पाठवला. काही मिनिटांतच जर्मनीने बरोबरी साधली. शेवटी पेनल्टींवर जर्मनी जिंकला. पुन्हा गोलपट्टीत तोच लेहमान होता.

हरल्यावर कोणाच्या तरी माथी खापर फोडायचे, ही रीत सगळीकडे सारखीच. अर्जेंटिनाच्या वर्तमानपत्रांत आणि दूरदर्शनवर रिकेल्मेवर टीकेचा भडिमार झाला. तो संथ आहे, मोठ्या सामन्यात तो दिसतच नाही, असे लोक बोलू लागले. टीकेची सवय खेळाडूला असते. पण घरातल्या माणसांना ती नसते. रिकेल्मेची आई हे सगळे ऐकत होती, वाचत होती. तिची तब्येत बिघडली. विश्वचषकानंतर तिला दोन वेळा रुग्णालयात दाखल करावे लागले.

सप्टेंबर २००६ मध्ये रिकेल्मेने दूरदर्शनवर मुलाखत दिली आणि सांगितले, की मी यापुढे अर्जेंटिनाच्या संघातून खेळणार नाही. त्याने खुलासाही केला. आईच्या आजाराला माझ्यावर होणारी टीका कारणीभूत आहे आणि माझ्यासाठी आईची तब्येत सर्वांत महत्त्वाची आहे, असे त्याचे म्हणणे होते. क्लबकडून खेळणे त्याने सोडले नाही. सोडली ती देशाची दहा क्रमांकाची जर्सी. जी जर्सी एकेकाळी मॅराडोनाच्या अंगावर होती, ती त्याने आपल्या हाताने उतरवून ठेवली. तेव्हा तो फक्त अठ्ठावीस वर्षांचा होता आणि नव्या प्रशिक्षकांचाही त्याच्यावर विश्वास होता.

मुलांनो, इथे थोडे थांबून विचार करा. बर्लिनच्या मैदानातून रिकेल्मे बाहेर गेला, तेव्हा त्याच्या जागी दुसरा खेळाडू तयार होता. प्रत्येक संघात बदली खेळाडू असतोच. पण आईच्या खाटेशेजारी मुलाच्या जागी बदली म्हणून कोणाला बसवणार? त्याला जे कळले, ते एवढेच होते.

काही लोक म्हणाले, तो टीकेला घाबरून पळाला. घाबरलेला माणूस परत येत नाही. रिकेल्मे परत आला. २००७ च्या सुरुवातीला तो आपल्या मायदेशी, बोका ज्युनियर्समध्ये आला. त्या वर्षी बोकाने दक्षिण अमेरिकेतील सर्वांत मोठी क्लब-स्पर्धा जिंकली आणि अंतिम फेरीच्या दोन्ही सामन्यांत रिकेल्मेने गोल केले. मग देशाच्या संघानेही त्याला पुन्हा बोलावले. कोपा अमेरिका स्पर्धेत त्याने पाच गोल केले. अंतिम सामन्यात मात्र अर्जेंटिना ब्राझीलकडून हरला. २००८ साली बीजिंग ऑलिंपिकमध्ये तो अर्जेंटिनाचा कर्णधार होता. त्या संघात तरुण मेस्सी होता आणि त्या संघाने सुवर्णपदक जिंकले. जर्सी उतरवून ठेवली, म्हणजे ती कायमची हरवली असे नाही.

खरे ते सगळे सांगायला हवे. २००९ साली त्याने देशाचा संघ पुन्हा सोडला. त्या वेळी कारण घर नव्हते. प्रशिक्षक झालेल्या मॅराडोनाशी त्याचे पटले नाही. म्हणून त्याला देवमाणूस ठरवण्याची गरज नाही. तो एक थोर खेळाडू होता आणि वेळ आली तेव्हा तो आधी मुलगा झाला, एवढे पुरे आहे.

असा पेच आपल्या देशातील खेळाडूंपुढेही आला आहे. १९७६ साली मुंबईचे सुनील गावसकर भारतीय संघाबरोबर न्यूझीलंडमध्ये होते. मुलगा झाल्याची बातमी त्यांना तिकडेच कळली. तिथून संघ वेस्ट इंडीजला गेला. बाळाचे तोंड त्यांनी दोन महिन्यांहूनही अधिक काळाने पाहिले. ऑक्टोबर २०१९ मध्ये मूळचे संगमनेर तालुक्यातील अजिंक्य रहाणे विशाखापट्टणम येथे कसोटी सामना खेळत होते, त्याच वेळी त्यांना मुलगी झाली. सामना संपल्यावरच ते तिला भेटायला गेले.

डिसेंबर २०२० मध्ये मात्र वेगळे घडले. ऑस्ट्रेलियात ॲडलेड येथे भारताचा डाव अवघ्या ३६ धावांत संपला होता. अशा वेळी कर्णधार विराट कोहली आपल्या पहिल्या बाळाच्या जन्मासाठी ठरल्याप्रमाणे घरी परतले. अनेकांनी नावे ठेवली. संघाची धुरा रहाणे यांच्याकडे आली. त्यांनी मेलबर्न येथे ११२ धावा केल्या आणि भारताने तो सामना आठ गडी राखून जिंकला. जानेवारी २०२१ मध्ये ब्रिस्बेन येथील शेवटचा सामना जिंकून भारताने मालिकाही २–१ अशी खिशात घातली.

गावसकर आणि रहाणे चुकले आणि कोहली बरोबर, असे मी म्हणत नाही. ज्याने त्याने आपला निर्णय आपल्या परिस्थितीत घेतला. पण एक गोष्ट ध्यानात ठेवा. एखादा सोबती घरच्या कामासाठी गेला, की उरलेल्यांची जबाबदारी वाढते. मेलबर्नला ती जबाबदारी संघाने उचलली. आमच्या शाळेच्या संघाने काय केले? आम्ही हरलो आणि फळ्यावर 'पळपुटा' लिहिले. खरे तर कोणीतरी त्याचे हातमोजे मागून घ्यायला हवे होते आणि म्हणायला हवे होते, "तू जा. आज गोलपट्टीत मी उभा राहतो."

मुलींनो, तुमच्यासाठी दोन शब्द वेगळे. घरात कोणी आजारी पडले, की पुष्कळदा मुलीचीच शाळा बुडते आणि मुलगा मैदानावर जातो. या पाठाचा अर्थ असा काढू नका, की घरासाठी प्रत्येक वेळी तुम्हीच सारे सोडावे. घर सर्वांचे आहे, तर त्याची कामेही सर्वांची आहेत. रिकेल्मेने जे सोडले, ते स्वतःच्या मर्जीने सोडले आणि परत येण्याचे दार त्याला उघडे होते. तुमच्या शाळेचे दारही तुमच्यासाठी असेच उघडे राहिले पाहिजे. ते बंद होत आहे असे वाटले, तर आपल्या शिक्षकांना जरूर सांगा.

हकीकत संपली, तेव्हा वर्ग गप्प होता. मधल्या सुट्टीत आमच्या संघाचा कर्णधार शेवटच्या बाकाजवळ गेला. त्याने त्या मुलाला विचारले, "अम्मी कशी आहे?" बस्स, एवढेच विचारले. माफी मागितली नाही. पण त्या प्रश्नात माफीही आली. त्या दिवसानंतर तो मुलगा पुन्हा पुढच्या बाकावर बसू लागला. पुढच्या वर्षी तोच आमचा गोलरक्षक होता. स्पर्धा आम्ही तेव्हाही जिंकलो नाही. पण त्या सामन्याला त्याची अम्मी मैदानाच्या कडेला बसली होती.

शब्दार्थ
उपांत्य सामना – अंतिम सामन्याच्या आधीचा सामना
पळपुटा – संकट पाहून पळून जाणारा
थोरला – वयाने सर्वांत मोठा
खंडणी – धमकी देऊन उकळलेला पैसा
यजमान – ज्यांच्याकडे स्पर्धा भरली आहे ते
पेच – काय करावे हे न सुचणे, अडचण
धुरा – पुढारीपणाची जबाबदारी

वाक्प्रचार
खापर फोडणे – दुसऱ्यावर दोष टाकणे
मजल मारणे – मोठा टप्पा गाठणे
नावे ठेवणे – दोष काढणे

स्वाध्याय

प्र. १. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) गोलरक्षक मुलगा सामना का खेळू शकला नाही?
(आ) बर्लिनच्या सामन्यात रिकेल्मेच्या जागी कोण खेळायला आला?
(इ) २००८ साली अर्जेंटिनाने कोणते पदक जिंकले?

प्र. २. चार-पाच वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) रिकेल्मेने देशाचा संघ सोडण्याचा निर्णय का घेतला?
(आ) 'घाबरलेला माणूस परत येत नाही', असे लेखक का म्हणतात?
(इ) सोबती घरच्या कामासाठी गेला, तर संघाने काय करावे?

प्र. ३. तुमचे मत लिहा.
तुमच्या घरी कोणी आजारी असेल, तर घरातील कामे भाऊ-बहिणींनी कशी वाटून घ्यावीत?

प्र. ४. भाषाभ्यास.
(अ) 'मुलाखत' आणि 'खुलासा' हे शब्द उर्दूतही आहेत. पण मराठीत त्यांचा अर्थ वेगळा आहे. मराठीत 'मुलाखत' म्हणजे प्रश्न विचारून घेतलेली माहिती आणि 'खुलासा' म्हणजे स्पष्टीकरण. उर्दूत त्यांचे अर्थ काय आहेत, ते लिहा व दोन्ही शब्द मराठी वाक्यांत वापरा.
(आ) उर्दूत 'मैदान' हा शब्द पुल्लिंगी आहे. मराठीत आपण 'ते मैदान' म्हणतो. म्हणजे मराठीत तो नपुंसकलिंगी आहे. 'तब्येत', 'दवाखाना', 'हकीकत' या शब्दांचे मराठीतील लिंग ओळखा.