अर्धांगवायू आणि हरवलेली डावी बाजू

अर्धांगवायूचा झटका आला म्हणजे घरातील सर्वांचे लक्ष हातापायांकडे लागते. हात उचलतो का, पाऊल टाकतो का, हीच चौकशी येणारा-जाणारा करतो. परंतु हा मुळात मेंदूचा आजार होय. रक्तवाहिनीत गुठळी अडकली अथवा ती फुटली, की मेंदूच्या ज्या भागाला इजा होते त्याचे काम बंद पडते. चालणे हे जसे मेंदूचे काम, तसेच लक्ष देणे, आठवणे, बेत आखणे, हिशेब करणे हीसुद्धा त्याचीच कामे. झटक्यातून वाचलेल्या कित्येकांच्या या व्यवहारांत उणीव राहते आणि ती कोणी विचारीतही नाही.

मेंदूची उजवी बाजू दुखावली, तर काही रुग्णांना डावीकडचे जग जणू उरतच नाही. ताटातील उजवीकडची भाजी संपते, डावीकडची तशीच राहते. वर "मला वाढलीच नाही" ही तक्रार! दाढी उजव्याच गालाची होते, चौकटीला डावा खांदा आपटतो. डोळ्यांत दोष नसतानाही हे घडते.

इटलीतील बिसियाक व लुझाट्टी या संशोधकांनी १९७८ साली प्रसिद्ध केलेला प्रयोग विद्यार्थ्यांनी अवश्य अभ्यासावा. मिलान शहरातील अशा दोन रुग्णांना तेथील मोठ्या चर्चसमोरचा ओळखीचा चौक मनात आणून वर्णन करण्यास सांगितले. चर्चकडे तोंड करून उभे आहोत अशी कल्पना केली, तेव्हा त्यांनी मुख्यतः उजवीकडच्या वास्तू सांगितल्या. मग चर्चच्या दारातून चौकाकडे पाहत आहोत असे समजण्यास सांगितले. आता मघाशी गाळलेल्या वास्तू आठवल्या आणि सांगितलेल्या गळाल्या! म्हणजे चौक सगळाच स्मरणात होता. मन तेवढे डावीकडे वळत नव्हते.

अशा रुग्णाला बहुधा आपली उणीव कळतच नाही. "दिसत नाही का?" म्हणून ओरडण्यात काय अर्थ? बोलणे शाबूत असल्याने घरचे त्याला ठणठणीत समजतात आणि चुकला की हट्टी ठरवतात. उलट डावा मेंदू दुखावून वाचा गेलेला माणूस पुष्कळदा बरेच समजत असतो, पण त्याच्यासमोरच त्याला वेडा म्हटले जाते. बोलण्यावरून बुद्धी मोजण्याचा आपला हिशेब दोन्हीकडे चुकतो.

घरी करण्यासारखे पुष्कळ आहे. जेवताना ताट फिरवून द्यावे. वर्तमानपत्राच्या डाव्या कडेला लाल पट्टी लावून तेथून वाचायला सांगावे. एका वेळी एकच सूचना द्यावी. गॅस आणि पैशाचे व्यवहार काही काळ सोबतीनेच व्हावेत. सुधारणेचा वेग पहिल्या काही महिन्यांत अधिक असतो, म्हणून तपासणी लांबवू नये. खिन्नतेनेही विसराळूपणा वाढतो आणि तिच्यावर औषधे आहेत, हेही डॉक्टरांशी बोलावे. कागदावर घड्याळ काढायला सांगून पाहा. बाराही आकडे उजव्या अर्ध्यात कोंबलेले दिसले, तर तो कागद जपून ठेवा आणि पुढच्या भेटीत डॉक्टरांना दाखवा.