भृंगराज : ओळख व परीक्षा
भातकुली परिसरात पेढी नदीच्या ओलसर काठी माका, म्हणजेच भृंगराज, आपोआप उगवतो. ही वर्षायू वनस्पती केशविकार व यकृद्विकारांत आम्ही नित्य योजतो. मात्र भृंगराज म्हणून कोरड्या बांधावरची एकदांडी (कंबरमोडी) हाती पडण्याचा संभव असतो. तिचे फूल लांब दांड्यावर एकटेच येते. बीजांस पिसासारखा तुरा असतो. माक्याचे फूल पांढरे व आखूड देठाचे. बीजांस असा तुरा नसतो. माक्याची ताजी पाने चुरडली असता बोटे काळवंडतात. तयार चूर्णावर यांपैकी एकही परीक्षा चालत नाही. म्हणून औषधनिर्मात्यांनी मुळासह, सपुष्प ताजे पंचांगच पारखून घ्यावे. तैलपाकात तेलाच्या चौपट स्वरस लागतो. तेथे द्रव्यच चुकले, तर पाक साधूनही रुग्णाची फसवणूकच होते, असे आम्हांस वाटते.