सही करण्याआधी

तापीकाठची काळी जमीन म्हणजे खानदेशची आई. जळगावकडे तिच्यात केळी होते. धुळ्याकडे कपाशी होते, दादर होते. ही जमीन कधी धरणाला लागते, कधी रस्त्याला, कधी वीज प्रकल्पाला. हतनूर, वाघूर, सुलवाडे, पाडळसरे ही नावे आपण ऐकलीच आहेत. धरण झाले की पाणी येते, ही गोष्ट चांगली. पण ज्याचे शेत गेले त्याच्या घरी आधी काय येते? आधी येतो कागद.

मी शाळेतून निवृत्त झालो, तेव्हा लोक असे कागद माझ्याकडे आणू लागले. एकदा शेजारच्या गल्लीतले एक नाना आले. कनवटीतून घडी काढली आणि म्हणाले, "गुरुजी, हाऊ कागद काय सांगस?" तो निवाड्याची नोटीस होती. आठ महिने नानांच्या पेटीत पडून होती. पैसे त्यांनी घेतले होते. दाखवले तेथे अंगठा दिला होता. मोबदला कमी वाटतो म्हणून अर्ज करायची मुदत मात्र निघून गेली होती. मी कागद वाचून दाखवला. नाना काही बोलले नाहीत. मला फार वाईट वाटले. इतकी वर्षे मी मुलांना शिकवले, आणि शेजारच्या नानांना शिकवायचे राहून गेले!

म्हणून हा पाठ.

धुळे जिल्ह्यात शिंदखेडा तालुक्यात विखरण नावाचे गाव आहे. तेथील धर्मा पाटील या वृद्ध शेतकऱ्याची पाच एकर जमीन वीज प्रकल्पासाठी गेली. मिळाले सुमारे चार लाख रुपये. इतरांना जास्त मिळाले, मग आपल्याला इतके कमी का, हा त्यांचा प्रश्न होता. त्यांनी कचेऱ्यांचे उंबरे झिजवले. शेवटी २२ जानेवारी २०१८ रोजी मुंबईला मंत्रालयात त्यांनी निराशेने विष घेतले. २८ जानेवारीला ते वारले. साऱ्या महाराष्ट्राला हळहळ वाटली. पण गेलेला माणूस परत येत नाही. बंधूभगिनींनो, जीव देऊ नये. जीव राखावा, कागद राखावा आणि हक्क मागावा.

हक्क काय आहे ते आता पाहू.

पूर्वी १८९४ चा इंग्रजी अमदानीतला कायदा होता. १ जानेवारी २०१४ पासून नवा भूसंपादन कायदा आला. त्यात जमिनीची बाजारभावाने किंमत धरतात. घर, विहीर, झाडे यांची किंमत वेगळी धरतात. या सगळ्यावर तितकीच रक्कम आणखी देतात. तिला दिलासा रक्कम म्हणतात. निवाडा झाल्यावर तीन महिन्यांत मोबदला द्यावा आणि पुरता मोबदला दिल्यावरच ताबा घ्यावा, असे हा कायदा सांगतो.

ताबा आधी घेतला आणि पैसे दिले नाहीत, तर व्याज द्यावे लागते. पहिल्या वर्षी शेकडा ९, पुढे शेकडा १५. आपण हिशोब करू. मोबदला १० लाख रुपये आहे. पहिल्या वर्षाचे व्याज ९० हजार. दुसऱ्या वर्षाचे दीड लाख. दोन वर्षांचे मिळून २ लाख ४० हजार झाले. हे व्याज म्हणजे सरकारची मेहेरबानी नव्हे. तो आपला पैसा आहे.

आता चार गोष्टी ध्यानात ठेवा.

पहिली गोष्ट मोजणीची. मोजणीच्या दिवशी शेतात हजर राहा. विहीर, पाइपलाइन, झाडे, गोठा हे सगळे लिहिले की नाही ते स्वतः वाचा. कागदावर नसलेल्या आंब्याचा पैसा मिळत नाही.

दुसरी गोष्ट सातबाऱ्याची. आजोबांचे नाव तसेच असेल तर तलाठ्याकडे वारस नोंद करून घ्या. भाऊबंदांचा तंटा असला की पैसे तंटा मिटेपर्यंत अडकून राहतात. बहिणींचाही हक्क असतो, तो लपवू नका.

तिसरी गोष्ट सहीची. मोबदला कमी वाटला तरी पैसे घेता येतात. पण सही करताना 'हरकत राखून रक्कम घेतली' असे लिहा. हे चार शब्द लिहिले नाहीत, तर वाढीव मोबदला मागण्याचा हक्क जातो.

चौथी गोष्ट मुदतीची. निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर असाल, तर त्या दिवसापासून सहा आठवड्यांत जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करा. हजर नसाल, तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांत जे आधी संपेल ती मुदत. अर्जाची पोच घ्या. तिच्यावर तारीख आणि शिक्का पाहा. तुम्ही अर्ज केला नाही, पण त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याने दावा जिंकला, तर त्या निकालापासून तीन महिन्यांत तुम्हांलाही तेवढाच दर मागता येतो.

राष्ट्रीय महामार्गाला जमीन गेली, तर रीत थोडी निराळी आहे. तेथे वाढीव मोबदला लवादाकडे मागावा लागतो. वकिलाला द्यायला पैसे नाहीत, म्हणून घरी बसू नका. जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाची कचेरी असते. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींचे लोक आणि कमी उत्पन्नाची माणसे यांना तेथे फुकट वकील मिळतो.

नाना पुढे आमच्या रात्रीच्या वर्गाला येऊ लागले. पाटीवर त्यांनी पहिल्यांदा स्वतःचे नाव लिहिले. दुसरा शब्द कोणता शिकवू, असे मी विचारले. नाना म्हणाले, "हरकत."

नवे शब्द
निवाडा – कोणाला किती मोबदला द्यायचा, याचा अधिकाऱ्याने दिलेला लेखी निर्णय.
हरकत – 'हे मला मान्य नाही' असे सांगणे.
पोच – कागद मिळाल्याची खूण.

प्रश्न
१. नानांचा हक्क कशामुळे गेला?
२. मोबदला ४ लाख रुपये आहे. ताबा घेतला, पण पैसे दोन वर्षांनी दिले. व्याज किती होईल?
३. 'हरकत राखून रक्कम घेतली' हे वाक्य पाच वेळा लिहा. खाली आपली सही करा.